रोडगे-मटण

वऱ्हाडातील एक जेवण. गव्हाच्या जाडसर कणकेचे, गोवऱ्यांच्या निखाऱ्यांत भाजलेले पदरदार गोळे म्हणजे रोडगे. ते ताटात फोडून, कुस्करून त्यांवर मटणाचा तिखट रस्सा ओतला जातो. अमरावती आणि अकोला जिल्ह्यांत हिवाळ्यातल्या जत्रांत, शेतातल्या पंगतींत आणि नवस फेडताना हा स्वयंपाक होतो. मांसाहार न करणाऱ्यांच्या पंगतीत याच रोडग्यांवर वांग्याची रस्साभाजी किंवा वरण येते. वरचा रस कोणताही असो, रोडग्याची घडण तीच राहते.

घडण : कणीक पोळीच्या पिठापेक्षा जाड, रवाळ दळलेली लागते. अर्धा किलो कणकेत पाच-सहा चमचे कडकडीत तेलाचे मोहन, मीठ आणि हातावर चोळलेला ओवा घालून ती बेताच्या पाण्यात घट्ट भिजवतात. चार-पाच लहान पाऱ्या लाटून प्रत्येकीवर तेलाचा हात फिरवतात, त्या एकीत एक गुंडाळत नेतात आणि शेवटी मोठ्या पारीने सगळे झाकून तोंड चिमटीने बंद करतात. कणकेचा नुसताच गोळा वळला तर तो भाजल्यावर आतून गच्च राहतो. तेल लावलेल्या पाऱ्यांमुळे आत पदर सुटतात आणि रस्सा शिरायला वाट होते.

भाजणे : गोवऱ्या रचून जगरा पेटवतात. ज्वाळा आणि धूर सरून निखारे लाल झाले की ते सारखे पसरून त्यांवर रोडगे मांडतात. ज्वाळेवर घाईने ठेवलेला रोडगा बाहेरून करपतो आणि आत कच्चा राहतो. चोहीकडून डाग पडेपर्यंत रोडगे फिरवत राहतात, मग गरम राखेखाली झाकून टाकतात. अर्ध्या-पाऊण तासाने ते बाहेर काढून जाड कापडात घेतात आणि कापडाची दोन्ही टोके धरून हलवतात, म्हणजे राख झडून जाते. एक रोडगा फोडून पाहतात. वाफेबरोबर पदर मोकळे झाले तर तो झाला. मधली पारी बोटाला चिकटली तर बाकीचे पुन्हा राखेत जातात. फोडलेल्या रोडग्यावर आधी तूप सोडायचे, रस्सा मागाहून.

मटण : जत्रेत ते मातीच्या हंडीत, मंद आचेवर शिजवतात. हळद, मीठ, आले-लसूण लावलेल्या मटणाला भाजलेला कांदा, भाजलेले सुके खोबरे आणि खसखस यांचे वाटण लावतात. मसाल्यात धने, जिरे, मिरे, लवंग, दालचिनी, तेजपान, दगडफूल असते. तिखटासाठी विदर्भात नागपूर जिल्ह्यातील भिवापूरच्या मिरचीचे नाव आहे. पूर्वी फोडणीला जवसाचे तेल असे. वर तरंगणाऱ्या लाल तेलाला तर्री म्हणतात. रोडग्यासाठी रस्सा पातळच ठेवावा लागतो, कारण दाट रस्सा कुस्करलेल्या तुकड्यांना वरून माखतो आणि आतले पदर कोरडे राहतात.

घरगुती कृती : जगरा शक्य नसेल तेथे ओव्हनमध्ये १८० अंश सेल्सिअसला रोडगे ४० ते ४५ मिनिटांत भाजून होतात, निम्म्या वेळाने ते उलटावेत. गॅसवरच्या तंदूरमध्येही ते जमतात, मात्र आच मंद हवी. गोवरीचा धुरकट वास अर्थातच येत नाही. वेळ कमी असेल तर मटणाऐवजी खिमा घेता येतो. चार माणसांसाठी अर्धा किलो खिमा पुरतो. आले-लसूण आणि दोन बारीक चिरलेले कांदे तेलात लाल झाल्यावर खिमा घालून गुठळ्या फोडत, पाणी आटेपर्यंत परतावा. मग वाटण, तिखट आणि मसाला. मसाल्याला तेल सुटले की तीन-चार वाट्या गरम पाणी घालून वीस-पंचवीस मिनिटे शिजवावे. गुठळ्या राहिल्या तर त्या तळाशी बसतात आणि ताटात नुसता रस येतो. खाणाऱ्याने तुकडे रस्सा पिईपर्यंत क्षणभर थांबावे. सोबत चिरलेला कच्चा कांदा आणि लिंबू.

जत्रा आणि नवस : या जेवणासाठी सर्वांत प्रसिद्ध ठिकाण म्हणजे अमरावती जिल्ह्याच्या चांदूरबाजार तालुक्यातील बहिरम. सातपुड्याच्या पायथ्याशी, परतवाडा-बैतूल रस्त्यावर भरणारी ही यात्रा डिसेंबरच्या उत्तरार्धात सुरू होऊन जानेवारीअखेरपर्यंत चालते. माणसे राहुट्या ठोकून मुक्काम करतात. हंडीतले मटण आणि रोडगे ही तिची ओळख आहे. रोडगा नवसाचाही पदार्थ आहे. वऱ्हाडात मारुतीला रोडग्यांचा नैवेद्य दाखवतात. चंपाषष्ठीला खंडोबाला वांग्याचे भरीत आणि रोडगा देण्याची चाल महाराष्ट्रात इतरत्रही आहे, तेथे रोडगा बहुधा बाजरीचा असतो. एकनाथांच्या एका भारुडातली सासुरवाशीण भवानीला रोडग्याचाच नवस बोलते. म्हणजे सोळाव्या शतकात हा नैवेद्य लोकांच्या ओळखीचा होता.

मांसाहारी पंगतीच्या विरोधाची परंपराही याच अमरावती जिल्ह्यातली. शेंडगावात जन्मलेल्या गाडगेबाबांनी (१८७६–१९५६) कीर्तनांतून देवापुढे कोंबडी-बकरी कापण्यावर आयुष्यभर कोरडे ओढले. अमरावती-नागपूर महामार्गावरील गुरुकुंज मोझरी (ता. तिवसा) येथे तुकडोजी महाराजांनी (१९०९–१९६८) १९३५ मध्ये आश्रम स्थापन केला. आश्रमाच्या शिस्तीत मांसाहाराला जागा नाही. त्यामुळे एकाच जिल्ह्यात बहिरमची राहुटी आणि वांगे-रोडग्याची पंगत शेजारी-शेजारी नांदतात. दोन्हीकडे जगरा तोच आणि पाऱ्याही त्याच, त्यामुळे रोडगे करणारा हात कोणत्याही पंगतीत चालतो.

सजातीय पदार्थ : राजस्थान-माळव्याची बाटी आणि बिहारची लिट्टी रोडग्याच्या जवळची; लिट्टीत सत्तूचे, म्हणजे भाजलेल्या हरभऱ्याच्या पिठाचे, सारण असते. खानदेशातली बट्टी बऱ्याच घरांत आधी उकडून, कापून मग तळतात आणि वरणाबरोबर खातात. भाजलेल्या पिठावर तिखट मांस घालण्याची रीत इतरत्रही आहे. मुंबईत खिमा-पाव आहे, तर अमेरिकेत लांबट पावात सॉसेज ठेवून त्यावर खिम्याचे दाट, तिखट कालवण घालतात आणि त्याला चिली डॉग म्हणतात. पाव मऊ असल्याने तेथे कालवण दाटच लागते, पातळ झाले तर पावाचा लगदा होतो. रोडग्याचे कवच कडक असल्याने वऱ्हाडी रस्सा पातळ राहू शकतो. म्हणून चिली डॉगसाठी केलेला दाट खिमा रोडग्यावर घ्यायचा असेल, तर त्यात आधी गरम पाणी घालून एक उकळी आणावी.