विद्युत् थकबाकी व पुनर्जोडणीचे वाद

विद्युत् थकबाकी व पुनर्जोडणीचे वाद : वीजबिलाची रक्कम थकल्यामुळे पुरवठा तोडला जाणे आणि तो पूर्ववत् करून मिळावा म्हणून ग्राहकाने दाद मागणे, यांतून उद्भवणारे वाद. इतर धनकोंना आपले येणे वसूल करण्यासाठी आधी न्यायालयात जावे लागते. वीज पुरवठादाराला मात्र थेट जोडणी तोडता येते. या वादांचा भारतातील इतिहास म्हणजे बव्हंशी या अधिकारावर घातल्या गेलेल्या मर्यादांचा इतिहास होय.

‘भारतीय विद्युत् अधिनियम, १९१०’ च्या कलम २४ अन्वये सात दिवसांची लेखी पूर्वसूचना देऊन पुरवठा खंडित करता येई. वाद सूचनेपूर्वीच विद्युत् निरीक्षकाकडे गेला असेल, तर त्याच्या निर्णयापर्यंत पुरवठादाराला सामान्यतः थांबावे लागे. परंतु सामान्य ग्राहक सूचना हाती पडल्यावरच जागा होतो. त्यामुळे ही सवलत त्याच्या फारशी उपयोगी पडण्यासारखी नव्हती. मीटर सदोष ठरल्यास फेरआकारणी जास्तीत जास्त सहा महिन्यांपुरती करता येई.

हा कायदा झाला त्या काळी वीज ही शहरांपुरती व कारखान्यांपुरती होती. रायगड जिल्ह्यातील पाली (ता. सुधागड) हे गाव टाटांच्या खोपोली (१९१५) व भिरा (१९२७) या जलविद्युत् केंद्रांपासून फार दूर नाही, पण तेथे निर्माण होणारी वीज प्रामुख्याने मुंबईकडे, तेथील गिरण्यांसाठी, जात असे. महाराष्ट्र राज्य विद्युत् मंडळ १९६० मध्ये स्थापन झाल्यानंतर ग्रामीण विद्युतीकरणाला वेग आला आणि शेतीपंपधारक, भातगिरणीवाले, लहान दुकानदार हेही या वादांत पक्षकार होऊ लागले. तालुक्याच्या दिवाणी न्यायालयात दावा दाखल करून तात्पुरता मनाई हुकूम मागणे हा त्यांचा नेहमीचा मार्ग. पुरवठा आधीच तुटलेला असल्यास तो पूर्ववत् करण्याचा आज्ञार्थक हुकूम मागावा लागे व तो मिळणे अधिक कठीण असे. अशा हुकुमास वादग्रस्त रकमेचा काही भाग भरण्याची अट सहसा जोडलेली असे.

जुन्या थकबाकीचा प्रश्न अधिक बिकट ठरला. मुदतीच्या कायद्यानुसार दावा बाद झाला, तरी पुरवठा तोडण्याचा अधिकार शिल्लक राहतो, असे मुंबई उच्च न्यायालयाने ‘भारत बॅरल’ प्रकरणात (१९७८) ठरविले. ‘स्वस्तिक इंडस्ट्रीज विरुद्ध महाराष्ट्र राज्य विद्युत् मंडळ’ या प्रकरणात (१९९७) सर्वोच्च न्यायालयानेही हेच मत स्वीकारले. कायद्याच्या दृष्टीने ही भूमिका सुसंगत होती. पण मागच्या कित्येक वर्षांचे पुरवणी बिल अचानक हाती पडणाऱ्या ग्राहकाच्या दृष्टीने ती जाचकच म्हणावी लागेल.

‘विद्युत् अधिनियम, २००३’ च्या कलम ५६ ने हे चित्र पालटले. पूर्वसूचनेची मुदत पंधरा दिवस झाली. मागणीची रक्कम किंवा मागील सहा महिन्यांच्या सरासरीने येणारी रक्कम, यांपैकी जी कमी असेल ती हरकत नोंदवून भरल्यास वादाचा निकाल लागेपर्यंत पुरवठा तोडता येत नाही. रक्कम प्रथम देय झाल्यापासून दोन वर्षे उलटल्यावर, ती थकबाकी म्हणून बिलांत सतत दाखविलेली नसल्यास, त्या कारणास्तव जोडणी तोडता येत नाही. ‘प्रथम देय’ म्हणजे केव्हा, हा मात्र नवा वाद ठरला. राजस्थानातील रहमतुल्ला खान प्रकरणात जुलै २००९ ते सप्टेंबर २०११ या काळाचे वाढीव बिल मार्च २०१४ मध्ये देण्यात आले होते. रक्कम बिल दिल्यावर देय होते; दोन वर्षांनंतर जोडणी तोडता येत नसली, तरी अन्य मार्गाने वसुली करता येते, असा निर्णय सर्वोच्च न्यायालयाने २०२० मध्ये दिला.

या अधिनियमाने ग्राहक तक्रार निवारण मंच व विद्युत् लोकपाल यांची तरतूद केली. वैयक्तिक बिलांच्या तक्रारी राज्य नियामक आयोगाकडे नव्हे, तर मंचाकडेच न्याव्यात, असे २००७ मध्ये मुंबईच्या रिलायन्स एनर्जी प्रकरणात ठरले. अनधिकृत वापराच्या आकारणीपुरते दिवाणी न्यायालयांचे दार कलम १४५ ने बंद केले.

मिळकत विकली गेल्यावर आधीच्या मालकाची थकबाकी कोणी भरावी, हा प्रश्न पुनर्जोडणीच्या वेळी हमखास उपस्थित होतो. लिलावात कारखाना घेणाऱ्यावर तो भार नाही, असे सर्वोच्च न्यायालयाने ‘ईशा मार्बल्स’ प्रकरणात (१९९५) म्हटले होते. महाराष्ट्राच्या २००५ च्या वीजपुरवठा संहितेने मधला मार्ग काढला : थकबाकी मिळकतीवरील बोजा मानली, पण वारसांखेरीज इतर नव्या मालकांसाठी ती सहा महिन्यांच्या आकारापुरती सीमित केली. केरळच्या के. सी. निनान प्रकरणात १९ मे २०२३ रोजी सर्वोच्च न्यायालयाने जुनी थकबाकी भरण्याची अट घालणारे असे नियम वैध ठरविले. त्याच जागेसाठी पुन्हा मागितलेला पुरवठा ही पुनर्जोडणीच होय, असेही त्यात स्पष्ट केले.