पुष्पमाला एन. : स्वतःच पात्र, स्वतःच दिग्दर्शक

छायाचित्र म्हणजे घडून गेलेल्या क्षणाची नोंद, असे सर्वसाधारणपणे मानले जाते. पुष्पमाला एन. यांनी या समजुतीलाच आव्हान दिले. नेपथ्य उभारायचे, वेशभूषा करायची, स्वतः पात्र म्हणून कॅमेऱ्यासमोर उभे राहायचे आणि प्रत्यक्ष चित्रण सहकारी छायाचित्रकारावर सोपवायचे, ही त्यांची कार्यपद्धती आहे.

१९५६ साली बंगळुरूत जन्मलेल्या पुष्पमाला यांनी बडोद्याच्या महाराजा सयाजीराव विद्यापीठात शिल्पकलेचे शिक्षण घेतले. नव्वदच्या दशकाच्या मध्यावर त्या रचलेल्या छायाचित्रांकडे वळल्या, तेव्हा त्यांना पार्श्वभूमी पुरवली ती मुंबईने. ‘फँटम लेडी ऑर किस्मत’ (१९९६-९८) ही कृष्णधवल चित्रमालिका त्यांनी मीनल अगरवाल यांच्यासह साकारली. तिच्यातील मुखवटाधारी नायिकेचे नाते ‘हंटरवाली’ (१९३५) गाजवणाऱ्या नादियाशी आहे.

हीच नायिका ‘रिटर्न ऑफ द फँटम लेडी’ (२०१२) मध्ये रंगीत रूपात परतली. या वेळी तिची गाठ शहरातील जमीनमाफियांशी पडते. चित्रपटातील खलनायक तस्करीच्या अड्ड्यावरून भूखंडावर कधी सरकला, हे मीरा रोडच्या पूनम सागरसारख्या वसाहतींत घराचे हप्ते फेडणाऱ्या वाचकाला निराळे सांगावयास नको.

दरम्यान, ‘बॉम्बे फोटो स्टुडिओ’ या मालिकेसाठी त्यांनी चित्रपटतारकांची छायाचित्रे टिपणारे ज्येष्ठ छायाचित्रकार जे. एच. ठक्कर यांचे साह्य घेतले. क्लेअर आर्नी यांच्यासह केलेल्या ‘नेटिव्ह वुमेन ऑफ साउथ इंडिया’ (२०००-०४) मध्ये राजा रविवर्मा यांच्या चित्रांतील स्त्रिया आहेत, तशीच ब्रिटिश अभ्यासकांनी चौकटींच्या पडद्यापुढे मोजमापासाठी उभी केलेली तोडा स्त्रीही आहे. रविवर्मांनी १८९४ साली मुंबईत सुरू केलेल्या आणि पुढे लोणावळ्याजवळच्या मळवलीत हलविलेल्या छापखान्यातील देवदेवता महाराष्ट्रातील घराघरांत पोहोचल्या. त्यामुळे ही रूपे मराठी प्रेक्षकाला परकी वाटत नाहीत.

ही केवळ नक्कल आहे का, असा प्रश्न साहजिकच उद्भवतो. परंतु पुष्पमाला मूळ चित्राची हुबेहूब प्रत काढून थांबत नाहीत. पडदा रंगवलेला आहे, दागिने नाटकातले आहेत, हे त्या लपवीत नाहीत. देवी, तारका, ‘आदिवासी नमुना’ ही सारी रूपे कोणी तरी, कोणासाठी तरी रचली होती, हे त्यातून उघड होते. ज्या स्त्रीकडे आजवर केवळ पाहिले गेले, तीच येथे कोठे उभे राहायचे, कसे पाहायचे हे ठरवते.

२०१४ च्या कोची बिनालेतील ‘द अरायव्हल ऑफ वास्को द गामा’ या कृतीत त्यांनी पुरुषपात्रही वठविले. पोर्तुगीज चित्रकार साल्गादो यांच्या १८९८ च्या चित्रावर ती आधारित असून, त्यात खुद्द वास्को पुष्पमालाच आहेत. इतिहासातील विजयाचा क्षणही शेवटी रचलेलाच असतो, हे त्यांनी कोणतेही भाष्य न करता दाखविले.