रक्तपिशाच्चावरचा उतारा

लसणीच्या सहा पाकळ्या, नाइटशेडची पाच पाने, ब्लडग्रास नावाच्या गवताचे दोन कोंब, आर्गोनियन जमातीतल्या कुणाचे तरी रक्त आणि एका बलाढ्य रक्तपिशाच्चाची राख. हे साहित्य आहे २००६ साली आलेल्या ‘ऑब्लिव्हियन’ या व्हिडिओ गेममधले. खेळता खेळता आपले पात्र रक्तपिशाच्च झाले आणि त्याला पुन्हा माणसात आणायचे असले, तर हे सगळे गोळा करून मेलिसांद नावाच्या चेटकिणीकडे न्यावे लागते. त्याआधी आत्मा कोंडून ठेवायची पाच मोठी, रिकामी रत्ने तिच्यापुढे ठेवायची. हा तिचा मान. तो मिळाल्याशिवाय ती औषधाला हात घालत नाही.

मालवण-वेंगुर्ल्याच्या किनारपट्टीवर वाढलेल्या माणसाला यात परके काही वाटायचे नाही. आमच्याकडचा घाडी, म्हणजे गावचा मांत्रिक, उतारा सांगतो तो याच क्रमाने. आधी त्याचा मान, मग साहित्य, मग वेळ आणि जागा. नारळ, लिंबू, भात, कोंबडा जमवायचे, तिन्हीसांजेला बाधलेल्या माणसावरून ओवाळायचे, तिठ्यावर नेऊन ठेवायचे आणि मागे वळून न पाहता घरी यायचे. अमेरिकेतल्या प्रोग्रामरांनी रचलेला विधी आणि कोकणातला विधी इतके जवळ येतात, कारण दोन्हींच्या मुळाशी एकच प्रश्न आहे: घरातले माणूस डोळ्यांदेखत बदलत चालले, त्याला परत कसे आणायचे? गेमातल्या त्या यादीतल्या एकेका वस्तूला या प्रश्नाचा इतिहास चिकटलेला आहे.

त्या इतिहासातला एक जुना लेखी दाखला सर्बियातला आहे. १७३२च्या जानेवारीत ऑस्ट्रियाच्या लष्करातला शल्यवैद्य योहान फ्ल्युकिंगर याने मेद्वेजा गावात झालेल्या चौकशीचा अहवाल लिहिला. त्यात आर्नोल्ड पाओले नावाच्या माणसाची हकिगत येते. तुर्की अमलातल्या गोसोवा गावाजवळ आपल्याला रक्तपिशाच्चाने छळले, असे तो जिवंतपणी सांगत असे. त्यावर त्याने स्वतःच उपाय केला होता: त्या पिशाच्चाच्या थडग्यावरची माती खाल्ली आणि त्याचे रक्त अंगाला फासले. पुढे गवताच्या गाडीवरून पडून मान मोडून तो मेला. मग गावात माणसे मरू लागली, तेव्हा लोकांनी तोच आता पिशाच्च झाला असे ठरवले, प्रेत उकरले आणि छातीत मेख ठोकली. ज्याने बाधा दिली त्याच्याकडूनच औषध घ्यायचे, ही कल्पना इथे कागदावर आलेली दिसते.

राखेची गोष्ट अधिक जवळची आणि अधिक दुःखाची आहे. अमेरिकेतल्या ऱ्होड आयलंड राज्यात एक्झेटर गावी ब्राउन कुटुंबात क्षयाने आई गेली, थोरली मुलगी गेली, १८९२च्या जानेवारीत धाकटी मर्सी गेली. मुलगा एडविन खंगत चालला होता. मेलेल्यांपैकी कुणीतरी त्याचा जीव ओढून घेत आहे, असे शेजाऱ्यांनी घेतले. मार्चमध्ये मर्सीचे प्रेत बाहेर काढून तिचे काळीज जाळले आणि त्याची राख पाण्यात कालवून एडविनला पाजली. दोन महिन्यांच्या आत तोही गेला. रॉबर्ट कॉखने क्षयाचा जंतू जगापुढे मांडला होता तो १८८२ साली, या घटनेच्या दहा वर्षे आधी. पण जंतू सापडला म्हणजे औषध सापडले असे नव्हते, आणि मुलाच्या उशाशी बसलेल्या बापापुढे हीच एक राख होती. मेलिसांदच्या कढईत हिंदारिल नावाच्या रक्तपिशाच्चाची राख पडते तेव्हा त्या भाबड्या, हताश उपायाची सावली तिथे पडलेली असते.

गेमातली मुदतही अशीच दुखण्यातून आली असावी. ‘ऑब्लिव्हियन’ ज्या मालिकेतला, तिच्यातल्या १९९६च्या ‘डॅगरफॉल’पासून रक्तपिशाच्चपण हा रोग आहे. लागण झाल्यापासून तीन दिवसांत साधे रोगनाशक औषध घेतले की माणूस वाचतो. तिसरा दिवस उलटला की मोठा विधी. कुत्रा चावल्यावर लस वेळेत घेतली तर जीव वाचतो आणि लक्षणे दिसू लागली की जवळजवळ काही उरत नाही, हे आपल्याला माहीत आहे. स्पेनमधला मेंदुविकारतज्ज्ञ हुआन गोमेझ-अलोन्सो याने १९९८मध्ये ‘न्यूरॉलॉजी’ या नियतकालिकात हाच धागा पकडला. चावा, झोप उडणे, उग्र वासाने आणि उजेडाने होणारा त्रास ही रेबीजची लक्षणे त्याने युरोपातल्या रक्तपिशाच्चाच्या समजुतींशी ताडून पाहिली. यादीतली लसूण त्या उग्र वासाचीच.

मग खेळात बरे करणारा माणूस आला कुठून? ही उपायांच्या या कुळातली सर्वात सुंदर शाखा आहे. १९७०च्या दशकाच्या सुरुवातीला अमेरिकेतल्या मिनेसोटात डेव्ह आर्नेसन आपल्या मित्रांना ‘ब्लॅकमूर’ नावाचा, कागद-पेन्सिलीचा आणि फाशांचा खेळ खेळवत असे. त्यात एका खेळाडूचे पात्र रक्तपिशाच्च झाले. सर फँग असे त्याचे नाव. तो इतका जबर झाला की बाकीच्यांचा निभाव लागेना. त्याला आवरायला जुन्या सिनेमांतल्या पिशाच्चशोधकांच्या धर्तीवर एक नवे पात्र रचण्यात आले: हाती पवित्र चिन्ह असलेला धर्मगुरू. आर्नेसन आणि गॅरी गायगॅक्स यांनी १९७४मध्ये ‘डन्जन्स अँड ड्रॅगन्स’ प्रसिद्ध केले, तेव्हा हा धर्मगुरू त्यात होता आणि पिशाच्चे पळवण्याबरोबर जखमा भरणे व रोग घालवणे हेही मंत्र त्याच्याकडे होते. आज जगभरच्या खेळांत सोबत्यांना बरे करणारे जे पात्र असते, ते या धर्मगुरूचे वंशज. रक्तपिशाच्च आधी आले, त्याच्यामागून वैद्य आला.

पुढे खेळ संगणकावर गेले आणि विधी वाढत गेले. २००२च्या ‘मोरोविंड’मध्ये उपायासाठी मोलाग बाल या राक्षसी दैवताच्याच देवळात जावे लागते, रक्तपिशाच्चे मुळात त्यानेच जन्माला घातलेली. पाओलेचा जुना न्याय इथे पुन्हा भेटतो. २०११च्या ‘स्कायरिम’मध्ये दलदलीकाठच्या मोर्थल गावात फॅलिऑन नावाचा जाणता राहतो. तो आपल्या पात्राला पहाटे दगडांच्या रिंगणात उभे करतो आणि काळे रत्न मागतो. या रत्नात माणसाचा आत्मा कोंडलेला हवा. एकाला परत आणायचे तर दुसरा जायला हवा. खेळणाऱ्याला इथे क्षणभर थांबून विचार करावा लागतो, आणि म्हणून हा विधी मला सगळ्यांत प्रामाणिक वाटतो. उताऱ्याची किंमत कुणीतरी मोजत असतो, हे तो लपवत नाही.

आपल्याकडे ती किंमत पडद्याबाहेर मोजली गेली आहे. भूत उतरवण्याच्या नावाखाली बायकांना मारहाण झाली, साप चावलेल्यांना दवाखान्याऐवजी मांत्रिकाकडे नेले गेले. डॉ. नरेंद्र दाभोलकर यांनी वर्षानुवर्षे ज्यासाठी झगडा दिला, तो जादूटोणाविरोधी कायदा त्यांच्या खुनानंतर २०१३मध्ये झाला. कुत्रा, साप किंवा विंचू चावलेल्याला वैद्यकीय उपचारापासून अडवून मंत्रतंत्र करणे हा त्या कायद्याने गुन्हा आहे. आजारी देहाला डॉक्टर हवा, यात दुमत असू नये. विधीची राहण्याची जागा भक्तीत आहे आणि खेळात आहे.

भक्तीतली ती जागा पाहायची तर वेंगुर्ले तालुक्यातल्या आरवलीला जावे. तिथे वेतोबा, म्हणजेच वेताळ, उभा आहे. वेताळ हा भुतांचा राजा, स्मशानात राहणारा, प्रेतांत शिरणारा. अकराव्या शतकात काश्मीरच्या सोमदेवाने ‘कथासरित्सागरा’त त्याच्या पंचवीस गोष्टी सांगितल्या. तो राजाच्या खांद्यावर बसून कोडी घालतो आणि शेवटी कपटी साधूचा बेत उघड करून राजाचा जीव वाचवतो. १८७०मध्ये रिचर्ड बर्टनने त्या गोष्टी इंग्रजीत नेल्या, तेव्हा मथळ्यातच त्याला व्हॅम्पायर करून टाकले. ब्रॅम स्टोकरची ‘ड्रॅक्युला’ कादंबरी यायला अजून सत्तावीस वर्षे होती.

कोकणाने मात्र या वेताळावर उतारा केला नाही. त्याला काम दिले. आरवलीचा वेतोबा गावाचा राखणदार आहे. रात्री तो गावाच्या शिवेवरून फिरतो, म्हणून भाविक त्याला भल्यामोठ्या चामडी चपला वाहतात. त्या झिजतात, ही त्याच्या फेरीची खूण मानतात. नवस फेडायला केळ्यांचा घड येतो. त्याची पूर्वीची मूर्ती फणसाच्या लाकडाची होती, आता पंचधातूची आहे. गोव्यात लोलये, आमोणे इथे हाच वेताळ बेताळ या नावाने पाषाणात उभा आहे, आणि बेताळभाटी या गावाला तर त्याचेच नाव आहे.

हे काम एकट्यादुकट्याने दिलेले नाही. देवळात गाऱ्हाणे घातले जाते, तेव्हा एकजण सगळ्या गावाच्या वतीने बोलतो: लेकराबाळांना सांभाळ, गुराढोरांना सांभाळ, परगावी गेलेल्यांना सांभाळ. प्रत्येक मागण्यामागून जमलेले सगळे ‘व्हय म्हाराजा’ म्हणतात. मळ्यातल्या देवचार नावाच्या भुताला दरसाल राखण, म्हणजे राखणदारीचा मान, दिली जाते तीही याच भावनेने. ज्याची भीती वाटते त्याचा मान ठरवायचा, त्याची हद्द ठरवायची, आणि त्या हद्दीतल्या माणसांची जबाबदारी त्याच्यावर टाकायची.

‘ऑब्लिव्हियन’ रचणाऱ्यांना आरवली ठाऊक असण्याचे कारण नाही, तरी त्यांची कथा याच उंबऱ्याशी आली आहे. मेलिसांदचे औषध मुळात हवे असते स्किनग्राड शहराचा सरदार जेनस हॅसिल्डोर याला. तो स्वतः रक्तपिशाच्च आहे. त्याच्या पत्नीने, रोनाने, रक्त प्यायला नकार दिला आणि ती बेशुद्धीत पडून आहे. औषध पोटात जाते, ती डोळे उघडते, नवऱ्याचा निरोप घेते आणि मरते. माणूस होऊन मरण्याचा हक्क तिला परत मिळतो. सरदार औषध घेत नाही. तो तसाच राहतो, आपली भूक आवरतो आणि शहराचा कारभार नेकीने चालवतो.

एकाच घरात दोन उपाय: रोनाला उतारा, जेनसला राखण. युरोपातून आलेल्या कुळाने पहिला उपाय पुरेपूर जपला, माती, राख, लसूण आणि धर्मगुरूसकट. दुसरा त्याला एका सरदारापुरता सुचला, आणि तोही एकाकी सरदार, ज्याचे गुपित प्रजेला माहीत नाही. सिंधुदुर्गात तो उपाय उघड्यावर आहे, सगळ्या गावाच्या साक्षीने. आज कुडाळ-सावंतवाडीतली मुले संगणकावर आपली पात्रे घडवतात. उद्या त्यांतली काही स्वतःचे खेळ रचतील. त्यांच्या खेळात रक्तपिशाच्च आले, तर त्याला बरे करण्याच्या यादीबरोबर हाही पर्याय असावा: गावाने जमून गाऱ्हाणे घालावे, त्याचा मान ठरवावा आणि रात्रीची फेरी त्याच्याकडे सोपवावी.