लुआँच्या काठची उघडीप

ऑगस्ट १९३६. पॅरिसच्या दक्षिणेला, फाँतेनब्लोच्या जंगलाजवळ, लुआँ नदीच्या काठी तुम्ही उभे आहात. पायांखालचं गवत भिजलंय. कॅमेरा झाकून ठेवलाय आणि सगळे आभाळाकडे बघत बसलेत.

तो धिप्पाड माणूस ज्यां रेन्वार, चित्रकार ओग्युस्त रेन्वार यांचा मुलगा. मोपासांच्या कथेवरून त्याला १८६० मधल्या एका उन्हाळी रविवारची छोटी फिल्म करायचीय. पॅरिसचा एक दुकानदार दूधवाल्याची गाडी मागून आणतो आणि घरच्यांना घेऊन नदीकाठी जेवायला येतो. एवढीच गोष्ट. त्याला ऊन हवंय, आणि पाऊस हटत नाही.

बाहेर फ्रान्समध्येही यंदाचा उन्हाळा निराळा आहे. जूनमध्ये कायदा झाला आणि कामगारांना पहिल्यांदाच दोन आठवड्यांची भरपगारी रजा मिळाली. समुद्र कधीच न पाहिलेली माणसं आगगाडीत बसून समुद्राकडे निघालीत.

उघडीप पडते. धावपळ. खाणावळीच्या खिडकीची दारं ढकलली जातात आणि चौकटीत एकदम झोपाळा! दुकानदाराची मुलगी आंरिएत उभ्यानेच झोका घेतेय. कॅमेराही तिच्याबरोबर वर जातो, खाली येतो. झाडं, आभाळ, तिचं हसू... तुमच्या पोटात गोळा येतो. चिंचेच्या फांदीला बांधलेला दोर आठवतो.

पुन्हा सरी. आता रेन्वार पावसालाच कथेत घेतो. बेटावर आंरिएत एका परक्या तरुणाच्या मिठीत रडते, आणि त्यानंतर नदी. कॅमेरा होडीत, काठ मागे सरकतोय, पाण्यावर थेंबांची नुसती चाळण. माणूस एकही नाही. रेन्वारच्या साऱ्या कामात मला हे काही क्षण सर्वांत जवळचे वाटतात. त्या मुलीचं पुढचं सगळं आयुष्य त्यात आहे.

काम अर्धवटच राहतं. मग युद्ध.

१९४६. पॅरिसच्या अंधाऱ्या थिएटरात तुम्ही बसलात. जेमतेम चाळीस मिनिटांची फिल्म. न झालेल्या दृश्यांच्या जागी चार ओळींचा मजकूर. दिग्दर्शक अमेरिकेत आहे. पडद्यावर मात्र खाणावळवाला होऊन तोच गिऱ्हाइकांचं स्वागत करतोय. आजी मांजराच्या पिल्लाला शोधते. झोपाळा वर जातो. शेजारची बाई पुढे सरकून बसते.

आणि नदीवर पाऊस सुरू होतो.