मृगाचा पाऊस आणि सरकलेला काळ

2025 साली मोसमी पाऊस मुंबईत दाखल झाला तो 26 मे रोजी. हवामान खात्याच्या लेखी त्याची नेमाची तारीख 11 जून (2020 पूर्वी ती 10 जून होती). म्हणजे पाहुणा सोळा दिवस आधी दारात उभा. पंचांग उघडले तर गंमत अधिकच वाढते. त्या दिवशी वैशाख संपलाही नव्हता. सूर्याने रोहिणीत प्रवेश करून जेमतेम एक दिवस झाला होता आणि मृगाला अजून जवळजवळ दोन आठवडे अवकाश होता. नौपाड्यात गोखले रस्त्यावर हापूसच्या पेट्यांवर प्लास्टिक अंथरले गेले, आणि ज्या महिन्याच्या नावापुढे आपली भाषा 'वणवा' हा शब्द जोडते त्या महिन्यात माणसे छत्र्या शोधू लागली. "काळ बदलला," असे त्या दिवशी कितीतरी जण म्हणाले असतील. हे वाक्य मला पावसापेक्षाही विचार करण्याजोगे वाटते.

कल्पित जगांच्या कादंबऱ्यांत काळ वाकवणारी वादळे येतात. आपल्याला इतके दूर जाण्याचे कारण नाही. मराठीने हवा आणि काळ यांत फारकत कधी केलीच नाही. पावसाळा, हिवाळा, उन्हाळा या तिन्ही शब्दांच्या पोटात 'काल' दडलेला आहे. पाऊस ही आपल्या दृष्टीने काळात घडणारी घटना नव्हे, तर काळाचाच एक प्रकार. चातुर्मासात देव निजतात, लग्ने थांबतात. मराठ्यांच्या फौजाही पावसाळ्यात छावणी करीत आणि दसऱ्याला सीमोल्लंघन करून बाहेर पडत. अठराव्या शतकाचा इतिहास वाचताना मोहिमांच्या तारखांत जी दरवर्षीची पोकळी दिसते, ती पावसाने पाडलेली असते.

पण या जोडीत एक फट आहे, आणि ती फार जुनी आहे. सूर्य एका ताऱ्यापासून निघून पुन्हा त्याच ताऱ्यापाशी येतो ते नाक्षत्र वर्ष. एका वसंतसंपातापासून पुढच्या वसंतसंपातापर्यंतचे ते सायन वर्ष. ऋतू दुसऱ्याच्या अधीन आहेत, आपले पंचांग पहिल्याच्या. दोहोंत अंतर सुमारे 20 मिनिटांचे. वर्षाकाठी 20 मिनिटे कोणाच्या ध्यानात येणार? परंतु 71-72 वर्षांत त्यांचा एक दिवस होतो. उत्तरायण डिसेंबरच्या 21-22 तारखेला सुरू होते आणि मकरसंक्रांत आपण जानेवारीच्या 14-15 तारखेला करतो, ही तफावत त्या मिनिटांच्या साठ्याची आहे. वराहमिहिराच्या काळी, सहाव्या शतकात, या दोन्ही गोष्टी जवळपास एकाच वेळी घडत असत.

मृगाचेही तेच. आज सूर्य मृगात जातो तो 7-8 जूनच्या सुमारास, म्हणून मृग म्हणजे पेरणी, मृग म्हणजे पहिला पाऊस. सुमारे सहा हजार वर्षांपूर्वी वसंतसंपातच मृगात होता. याच आधारावर टिळकांनी 1893 च्या 'ओरायन'मध्ये वेदकाल ठरवण्याचा यत्न केला. त्यांचा निष्कर्ष मान्य असो वा नसो, आकाशाचे गणित बदलत नाही: तेव्हा मृगात पाऊस नव्हता, वसंत होता.

ही फट बुजवावी की नाही, यावर एकोणिसाव्या शतकाच्या उत्तरार्धात महाराष्ट्रात कडाक्याचा वाद झाला, आणि त्याचे एक महत्त्वाचे ठाणे होते ठाणेच. (कोटी क्षम्य मानावी.) केरो लक्ष्मण छत्रे यांनी शके 1787 पासून, म्हणजे 1865 पासून, पटवर्धनी पंचांगाच्या रूपाने गणित सुधारले, पण वर्ष नाक्षत्रच ठेवले. विसाजी रघुनाथ लेले यांना हे अर्धवट वाटले. त्यांच्या सायन पक्षाला ठाण्याचे जनार्दन बाळाजी मोडक मिळाले आणि त्या सुमारास ठाण्यात शिक्षक असलेले शंकर बाळकृष्ण दीक्षितही. तिघांचे म्हणणे सरळ होते: धर्मशास्त्राने जे वसंतात करावयास सांगितले ते वसंतातच व्हावे; नाहीतर काही हजार वर्षांनी गुढी भर पावसात उभारावी लागेल. प्रतिपक्षाचा आक्षेपही पोकळ नव्हता. ऋतू धरला तर तारा सुटतो. पंचांगात 'मृग' छापलेले असेल आणि सूर्य मृगाच्या ताऱ्यांजवळ नसेल, तर त्या नावाला अर्थ काय उरला?

हा वाद केवळ ज्योतिषांचा होता असे मला वाटत नाही. परंपरा म्हणजे नाव जपणे की नावामागचा अनुभव जपणे, हा त्यातला खरा पेच होता. साहित्याच्या अभ्यासकाला तो परका वाटू नये. मेघदूतातच पाहा. यक्षाला मेघ दिसला तो आषाढाच्या पहिल्या दिवशी की अखेरच्या? 'प्रथम' आणि 'प्रशम' असे दोन पाठ आहेत. वल्लभदेव दुसरा स्वीकारतो. टीकाकार शापाचे उरलेले चार महिने कार्तिकी एकादशीपर्यंत मोजून निर्णय देतात. यात ऋतूची बाजूही घ्यावी असे सुचवावेसे वाटते. कालिदास दीड हजार वर्षांपूर्वीचा धरला, तर त्याचा आषाढ ऋतुमानाने आजच्यापेक्षा सुमारे तीन आठवडे अलीकडे येई. मिराशींच्या मताप्रमाणे रामगिरी म्हणजे रामटेक मानले, तर तिथे पाऊस जूनच्या मध्यावर येतो. तेव्हाच्या आषाढाचा पहिला दिवस पुष्कळदा कोरडाच जात असावा. यावरून पाठ ठरत नाही. पहिला मेघ पावसाआधीच दिसतो, असे कोणी म्हणेल, आणि तेही बरोबरच. पण आपण दरवर्षी ज्या दिवशी कालिदासदिन साजरा करतो, त्या दिवशीचे आकाश त्याचे नव्हे, एवढे निश्चित.

दीक्षितांचा 'भारतीय ज्योतिषशास्त्राचा इतिहास' 1896 मध्ये प्रसिद्ध झाला. दोनच वर्षांनी, पंचेचाळिशीत, ते वारले. पंचांगाच्या वादात स्वतः पक्षकार असलेल्या माणसाने इतका साक्षेपी इतिहास लिहावा, हे आपल्याकडे विरळा.

पुढे मेघनाद साहांच्या समितीच्या शिफारशीनुसार 22 मार्च 1957 पासून राष्ट्रीय दिनदर्शिका सुरू झाली. तिचे वर्ष सायन आहे. लेले-मोडक-दीक्षित जिंकले ते असे: वर्तमानपत्राच्या शिरोभागी, कोणी न वाचणाऱ्या एका ओळीत. सणवार मात्र नाक्षत्र गणितानेच चालू राहिले आणि पंचांगात पावसाच्या नक्षत्रांची वाहनेही राहिली. बेडूक, म्हैस, हत्ती आले की पाऊस भरपूर. कोल्हा, मेंढा आला की बेताचा. शास्त्र म्हणून त्यात अर्थ नाही, भाषा म्हणून आहे.

2025 च्या त्या मेअखेरीस मात्र वीस मिनिटांचा प्रश्नच नव्हता. अयनचलन बहात्तर वर्षांत एक दिवस सरकवते. इथे पाऊस एका वर्षात सोळा दिवस सरकला. लेल्यांचे गणित त्याला पुरले नसते आणि छत्र्यांचेही नाही. 8 जूनला मृग लागला, तेव्हा नौपाड्यातल्या गटारांतून पाणी वाहून पंधरवडा होत आला होता.