कस्तुरी : मृगनाभीपासून रसायनशाळेपर्यंत

देवपूजेच्या षोडशोपचारांत गंधाला मानाचे स्थान आहे. चंदन, केशर, कापूर आणि कस्तुरी ही गंधद्रव्ये आपल्या परंपरेत शतकानुशतके एकत्र उच्चारली जात आली आहेत. त्यांपैकी चंदन व कापूर वृक्षापासून आणि केशर फुलापासून मिळते. कस्तुरी तेवढी एका प्राण्याच्या देहातून येते, आणि या एकाच भेदामुळे तिचा इतिहास इतर तिघांहून अगदी निराळ्या वाटेने गेला. आज पेठेत 'कस्तुरी' या नावाने विकल्या जाणाऱ्या अत्तरांत, उदबत्त्यांत व साबणांत मृगाच्या कस्तुरीचा अंशही सहसा नसतो. तिची जागा रसायनशाळेत घडविलेल्या द्रव्यांनी घेतली आहे. ही द्रव्ये कोठून आली, त्यांनी काय राखले आणि कोणता नवा प्रश्न उभा केला, हे देवस्थानाशी निगडित असलेल्या कुटुंबांनी जाणून घेण्याजोगे आहे. कारण देवापुढे जे ठेवावयाचे त्याचे मूळ ठाऊक असणे हाही सेवेचाच एक भाग होय.

मृग आणि त्याचा व्यापार

कस्तुरीमृग हिमालय, तिबेट, चीन व सैबेरिया येथील उंच, थंड अरण्यांत राहतो. तो लहानखुरा, एकलकोंडा व अत्यंत बुजरा असतो. त्याला शिंगे नसतात. नराच्या वरच्या जबड्यातून दोन लांब सुळे मात्र बाहेर आलेले दिसतात. कस्तुरीची पिशवी केवळ नरालाच असते. ती नाभीत असते असा समज आहे. प्रत्यक्षात ती नाभी व जननेंद्रिय यांच्या मधल्या भागी, कातडीखाली असते. माजाच्या काळात मादीला आकर्षून घेण्यासाठी व आपला मुलूख दर्शविण्यासाठी निसर्गाने केलेली ती योजना आहे. कालिदासाच्या मेघदूतात या मृगांच्या गंधाने सुवासित झालेल्या हिमालयातील शिळांचे वर्णन आहे. त्याला 'मृगमद' हे दुसरे नाव मिळाले तेही याच कारणाने.

या द्रव्याच्या नावाचा प्रवासही उद्बोधक आहे. अंडकोशवाचक संस्कृत 'मुष्क' शब्दावरून फारसी 'मुश्क' व अरबी 'मिस्क' हे शब्द आले, असे भाषाशास्त्रज्ञ मानतात. अरबीतील उपपद पुढे जोडून पोर्तुगीज भाषेत 'अल्मीश्कार' झाला आणि इंग्रजीत 'मस्क'. सोळाव्या व सतराव्या शतकांत मकावहून गोव्याकडे येणाऱ्या पोर्तुगीज गलबतांत रेशीम, सोने, पारा यांच्याबरोबर चिनी कस्तुरीही असे. हिमालयातील कस्तुरीची मोठी पेठ पाटण्यास होती. फ्रेंच जवाहिऱ्या झां-बाप्तिस्त ताव्हेर्निये याने सतराव्या शतकात पाटण्याच्या एका फेरीत ७,६७३ पिशव्या खरेदी केल्याची नोंद आपल्या प्रवासवर्णनात केली आहे. पिशवीतील कस्तुरी काढून घेऊन तिच्या जागी भेसळ भरण्याचे प्रकारही त्याने सांगितले आहेत.

हा आकडा वाचताना एक हिशेब लक्षात ठेवावयास हवा. एका पिशवीतून सुमारे २५ ग्रॅम कस्तुरी मिळते. म्हणजे एका किलोसाठी सुमारे ४० नर मारावे लागतात. शिवाय अरण्यात लावलेला फास नर, मादी व पाडस असा भेद करीत नाही. मादी व पाडस यांच्यापाशी कस्तुरी नसते, तरी जीव त्यांचाही जातो. व्यापाऱ्याच्या वहीत मात्र केवळ पिशव्यांचीच मोजदाद होते.

स्फोटक द्रव्यातून सुगंध

कृत्रिम कस्तुरी करण्याचे प्रयत्न जुने आहेत. जर्मन रसायनज्ञ मार्गग्राफ याने १७५९ साली तृणमण्याच्या तेलावर नायट्रिक आम्लाची क्रिया करून कस्तुरीसारखा वास असलेला राळेसारखा पदार्थ मिळविला होता. तथापि खरी कलाटणी मिळाली ती १८८८ साली, आणि तीही जवळजवळ योगायोगाने. आल्बर्ट बाऊर हा जर्मन रसायनज्ञ टी.एन.टी. या स्फोटक द्रव्याच्या वर्गातील संयुगांचा अभ्यास करीत होता. टी.एन.टी.च्या रेणूला आणखी एक कार्बनी शाखा जोडली असता त्या पदार्थाला कस्तुरीसारखा गोड, उबदार वास येतो, असे त्याच्या ध्यानात आले. 'मस्क बाऊर' या नावाने तो पदार्थ बाजारात आला. संहारासाठी प्रसिद्ध झालेल्या कुळातून गंधशाळेला हे देणे मिळावे, हा इतिहासाचा विलक्षण विनोदच म्हटला पाहिजे.

पुढील काही वर्षांतच बाऊरने मस्क झायलीन, मस्क कीटोन व मस्क अँब्रेट ही आणखी सरस द्रव्ये तयार केली. या सर्वांना 'नायट्रो मस्क' असे वर्गनाम आहे. त्यांची रचना नैसर्गिक कस्तुरीच्या रचनेशी कोणतेही साम्य राखीत नाही. केवळ वास तेवढा जुळतो. पण ती स्वस्त होती, आणि जो गंध एके काळी राजदरबारात व श्रीमंतांच्या दिवाणखान्यातच दरवळत असे तो त्यांच्यामुळे अंगाच्या साबणापर्यंत पोहोचला. १९२१ साली पॅरिसमध्ये निघालेल्या 'शानेल क्रमांक ५' या जगप्रसिद्ध अत्तरातही या वर्गातील कस्तुरीचा उपयोग झाला होता.

अत्तराच्या व्यवसायात कस्तुरीला एवढे महत्त्व केवळ तिच्या वासामुळे नव्हे. लिंबू, मोगरा, गुलाब यांचे हलके गंध लवकर उडून जातात. कस्तुरीचे रेणू जड असल्यामुळे सावकाश उडतात आणि इतर गंधांना आपल्यासोबत धरून ठेवतात. अत्तराची बैठक म्हणतात ती हीच. हा टिकाऊपणाचा गुण पुढे कसा अंगावर आला, ते यथाक्रम येईलच.

पंधरा अणूंचे कडे

नैसर्गिक कस्तुरीचे गमक काय, हा प्रश्न अद्याप सुटावयाचा होता. १९०६ साली लाइपझिगच्या शिमेल कंपनीतील हाइनरिश वाल्बाउम याने कस्तुरीतून तिच्या वासाचे मुख्य द्रव्य वेगळे काढले. त्यास 'मस्कोन' असे नाव मिळाले. वजनाने ते कस्तुरीच्या शेकडा एक-दोन भागांहून अधिक नसते. मात्र त्याची रचना उलगडण्यास आणखी वीस वर्षे लागली.

विलंबाचे कारण एका मान्यवर सिद्धान्तात होते. १८८५ साली आडोल्फ फोन बायर याने असे प्रतिपादिले होते की, कार्बनच्या अणूंची कडी पाच-सहा अणूंची असेल तरच स्थिर राहते. मोठी कडी ताण पडून तुटावयाची. बायरचा अधिकार एवढा मोठा की मोठ्या कड्यांचा विचारही कोणी गंभीरपणे करीत नसे. १९२६ साली लिओपोल्ड रुझिच्का याने दाखवून दिले की जवादी मांजराच्या गंधद्रव्यातील सिव्हेटोनमध्ये सतरा, तर मस्कोनमध्ये पंधरा अणूंचे कडे असते. निसर्गाने जे सहज केले होते ते शास्त्राने अशक्य ठरविले होते! रुझिच्का याचा जन्म १८८७ साली आजच्या क्रोएशियातील वुकोव्हार येथे झाला, आणि त्याच्या या संशोधनाला जिनिव्हा येथील एका अत्तरकंपनीचे साहाय्य होते. १९३९ साली त्याला रसायनशास्त्राचे नोबेल पारितोषिक आडोल्फ बुटेनान्ट याच्याबरोबर विभागून मिळाले.

रचना कळली तरी असे कडे घडविणे कष्टाचे होते. लांब साखळीची दोन टोके एकमेकांस जोडावयाची, तर ती शेजारच्या साखळीच्याच टोकाला जाऊन मिळतात. १९३३ साली कार्ल झीग्लर याने त्यावर युक्ती काढली : द्रावण इतके विरळ ठेवावयाचे की साखळीला शेजारच भेटू नये व तिने स्वतःचेच टोक धरावे. याच सुमारास, १९२७ साली, माक्स केर्शबाउम याने वनस्पतींमध्येही असेच मोठे कडे असल्याचे सिद्ध केले. त्यांतील एक होती आपल्याकडील लताकस्तुरी, म्हणजेच कस्तुरीभेंडी. तिच्या बियांना कस्तुरीचा वास येतो हे आयुर्वेदास पूर्वीपासून ठाऊक होते; त्या वासाचे कारण आता कळले.

टिकाऊपणाचे ऋण

मोठ्या कड्यांची द्रव्ये महाग पडत, तर नायट्रो मस्क प्रकाशात पिवळी पडत व क्षारात टिकत नसत. दुसऱ्या महायुद्धानंतर कपडे धुण्याची पूड घरोघर पोहोचली आणि तिला क्षारात तग धरणारा, कापडाला चिकटून राहणारा, स्वस्त गंध हवा झाला. १९५० नंतरच्या दोन दशकांत टोनालाइड, गॅलॅक्सोलाइड इत्यादी 'बहुचक्रीय' कस्तुरी निघाल्या त्या या गरजेपोटी. धुतलेल्या चादरीला जो 'स्वच्छ' वास येतो असे मानले जाते, तो पुष्कळदा याच द्रव्यांचा असतो. सर्वच माणसांना सर्व कस्तुरी सारख्या जाणवत नाहीत. एखाद्यास एक प्रकार मुळीच कळत नाही. म्हणून गंधकार दोन-तीन प्रकार एकत्र योजतात.

१९८१ साल या इतिहासात दोन कारणांसाठी नोंदवावे लागते. त्या वर्षी इंग्लंडमधील बॉडी शॉप या पेढीने 'व्हाइट मस्क' हे प्राण्यास इजा न करणारे कृत्रिम कस्तुरीचे अत्तर काढले, आणि ते फार लोकप्रिय झाले. त्याच वर्षी जपानी संशोधकांनी असे प्रसिद्ध केले की टोकियोजवळील तामा नदीतील माशांच्या शरीरात मस्क झायलीन व मस्क कीटोन आढळले आहेत. मोरीतून वाहून गेलेले साबणाचे पाणी नदीत गेले होते, आणि जे द्रव्य कापडावर टिकते ते पाण्यातही टिकले होते. ते पाण्यात न विरघळता चरबीत साठते. पुढे १९९० नंतरच्या दशकात जर्मनीत मातांच्या दुधातही त्याचे अंश सापडले. जो गुण म्हणून गौरविला गेला, तोच दोष ठरला.

त्यानंतर निर्बंध आले. मस्क अँब्रेट लावलेल्या कातडीवर ऊन पडले असता चट्टे उठतात असे दिसून आले होते, आणि प्राण्यांवरील प्रयोगांत मज्जातंतूंना अपायही आढळला होता. १९९५ साली युरोपात सौंदर्यप्रसाधनांतून ते वर्ज्य झाले. मस्क झायलीनचा समावेश २०११ साली युरोपीय संघाने विशेष परवान्याशिवाय वापरू न देण्याच्या द्रव्यांत केला, आणि २०१४ च्या ऑगस्टपासून तो निर्बंध अमलात आला. गंधकारांची पावले पुन्हा मोठ्या कड्यांकडे वळली. कारण निसर्गाच्या घडणीचे हे रेणू निसर्गातील जंतू सहज मोडू शकतात. यांपैकी पुष्कळ खपाचे एक द्रव्य, एथिलीन ब्रासिलेट, मोहरीच्या कुळातील तेलबियांमधील एका आम्लापासून बनविता येते. फोडणीच्या मोहरीचे गोत असे कस्तुरीशी जुळले आहे.

मृग आणि देवघर

मृगाचे काय झाले? भारतात १९७२ च्या वन्यजीव संरक्षण कायद्याने त्यास संपूर्ण संरक्षण मिळाले, आणि त्याच वर्षी गढवालात केदारनाथ अभयारण्य स्थापन झाले; कस्तुरीमृगाचे अभयारण्य म्हणूनही ते ओळखले जाते. भारत, नेपाळ व भूतान येथील मृगांच्या कस्तुरीचा आंतरराष्ट्रीय व्यापार करारान्वये निषिद्ध आहे. तरीही चोरटी शिकार थांबलेली नाही. पारंपरिक औषधांसाठी खऱ्या कस्तुरीस आजही मोठी किंमत मोजणारे आहेत. तेव्हा कृत्रिम कस्तुरीने मृगास पुरते वाचविले असे म्हणता येणार नाही. तिने एवढेच केले की अत्तर व साबण यांच्या अफाट मागणीचा भार त्याच्या माथ्यावरून उतरविला. तो भार उतरला नसता, तर या मृगाचे नाव एव्हाना काव्यातच उरले असते.

देवस्थानांपुढचा प्रश्न अधिक नाजूक आहे. पुरीच्या श्रीजगन्नाथमंदिरात मूर्तींच्या मुखशृंगाराच्या विधीत कस्तुरी लागते, आणि ती परंपरेने नेपाळच्या राजघराण्याकडून येत असे. कायदा आणि परंपरा यांची गाठ अशा ठिकाणी पडते. अन्यत्र मात्र फारशी अडचण नसावी. पूजाविधीतच एखादा उपचार उपलब्ध नसल्यास त्याच्या अभावी अक्षता वाहण्याची मोकळीक पूर्वसूरींनी ठेवली आहे. द्रव्यापेक्षा भाव मोठा मानणारी ही योजना ज्यांनी केली, त्यांना फासात अडकून मेलेल्या पाडसाची किंमत देऊन आणलेला गंध रुचला असता असे वाटत नाही.

कुपीवर 'कस्तुरी' लिहिले असले तरी आत बाऊरचा, रुझिच्काचा अथवा त्यांच्या अनुयायांचा वारसा आहे, हे जाणून ती घ्यावी. आणि कोणी विक्रेता 'अस्सल मृगाची' म्हणून कानाशी कुजबुजला, तर ते द्रव्य खोटे असेल तर फसवणूक आणि खरे असेल तर गुन्हा, एवढे ध्यानी ठेवून पुढे चालू लागावे.