दक्षमित्रा

दक्षमित्रा : नासिकच्या कोरीव लेखांत आढळणारे एक दुर्मिळ स्त्रीनाम, व ते धारण करणारी क्षहरात क्षत्रप नहपान याची कन्या. दिनीकाचा पुत्र उषवदात (ऋषभदत्त) याची ही पत्नी. नासिकच्या नैर्ऋत्येस सु. ८ किमी. वर असलेल्या त्रिरश्मी डोंगरातील (पांडवलेणी) दहाव्या क्रमांकाच्या लेण्यात तिचे दोन लघुलेख आहेत. तिच्या चरित्राची सर्व माहिती या दोन लेखांवर अवलंबून आहे. तथापि स्त्रियांच्या नावांचा इतिहास आणि परकीय राजकुलांचे भारतीयीकरण या दोन्ही दृष्टींनी हे नाव महत्त्वाचे ठरते.

दहावे लेणे हे उषवदाताचे मुख्य दान. त्यातील त्याचा मोठा लेख प्रसिद्ध आहे. तीन लाख गाईंचे दान, देव-ब्राह्मणांस दिलेली सोळा गावे, भरुकच्छ, दशपूर, गोवर्धन व शूर्पारक येथील धर्मशाळा, तापी, दमण, डहाणुका इ. नद्यांवरील विनामूल्य नावा अशी आपल्या दानांची गणना त्याने त्यात केली आहे. बेचाळीसाव्या वर्षाच्या दुसऱ्या लेखात त्याने गोवर्धन येथील विणकरांच्या श्रेणीकडे दोन हजार कार्षापण दरमहा शेकडा एक व्याजाने ठेवल्याची नोंद आहे. या ठेवीचे वर्षाचे व्याज दोनशे चाळीस कार्षापण होते, आणि वीस भिक्षूंना चीवरांसाठी प्रत्येकी बारा कार्षापण मिळावेत ही योजना त्याच्याशी तंतोतंत जुळते. या विस्तृत लेखांच्या शेजारी, ओसरीच्या दोन टोकांच्या खोल्यांच्या दारांवर, दक्षमित्रेचे लेख आहेत. दोन्हींचा आशय एकच : क्षहरात क्षत्रप राजा नहपान याची कन्या व दिनीकपुत्र उषवदात याची कुटुंबिनी दक्षमित्रा हिने ही खोली दान दिली. यात वर्ष नाही, रक्कम नाही व प्रशस्तीही नाही. मात्र लेणे पतीचे असले, तरी त्यातील या दोन खोल्यांचे दान तिच्या नावावर वेगळे नोंदले गेले आहे.

या छोट्या लेखांतील शब्द मराठी वाचकास अपरिचित नाहीत. खोलीसाठी लेखात ‘ओवरक’ असा शब्द आहे. संस्कृत ‘अपवरक’ यापासून आलेला हा शब्द देवळाच्या आवारातील ‘ओवरी’ या रूपाने मराठीत टिकला. ‘कुटुंबिनी’ हे पद पत्नी या अर्थी आहे. जुन्या पिढीतील मराठी माणूस आपल्या पत्नीचा उल्लेख ‘आमचे कुटुंब’ असा करी, त्यामागे हीच परंपरा दिसते.

नावाची घडण : लेखात हे नाव ‘दख-’ असा आरंभ असलेल्या प्राकृत रूपात येते. ‘क्ष’ चा ‘ख’ होणे प्राकृतात नेहमीचे असल्याने ‘दक्षमित्रा’ हे त्याचे संस्कृत रूप विद्वानांनी निश्चित केले. नाव दोन पदांचे आहे. ‘दक्ष’ म्हणजे समर्थ, कुशल, तत्पर. ‘दक्षिण’ (उजवा) हा शब्द याच धातुकुलातील असून लॅटिन ‘डेक्स्टर’ व गॉथिक ‘तैह्स्व’ हे उजव्या बाजूचे वाचक शब्द त्याचे सगोत्र आहेत. ‘मित्र’ या शब्दाचा मूळ अर्थ करार, बांधिलकी असा मानतात. स्नेही हा त्यातून विकसित झालेला अर्थ होय. समास बहुव्रीही घेतल्यास ‘दक्ष आहे मित्र जिचा, ती’ असा सरळ अर्थ होतो. येथे दक्ष हा सामान्य विशेषण न मानता देवतानाम मानावा, असे म्हणण्यास आधार आहे. ऋग्वेदातील एका प्रसिद्ध सूक्तात (२·२७) मित्र, अर्यमा, भग, वरुण, दक्ष व अंश असे आदित्य एकत्र निर्दिष्ट आहेत. म्हणजे या नावाची दोन्ही पदे एकाच देवतासमूहात मोडतात. पुराणांतील यज्ञविध्वंसाच्या कथेमुळे पुढे दक्षाचे माहात्म्य उणावले. नहपानाच्या काळात ते तसे उणावले होते असे समजण्याचे कारण नाही.

दोन अर्थपूर्ण पदे जोडून व्यक्तिनाम बनविण्याची पद्धत इंडो-यूरोपीय भाषाकुलात फार जुनी आहे. संस्कृत, इराणी व ग्रीक नावांप्रमाणेच जर्मानिक नावेही याच रीतीने घडलेली आहेत. ‘ब्रूनहिल्ड’ या स्त्रीनामात चिलखत व युद्ध, तर ‘गेर्ट्रूड’ मध्ये भाला व सामर्थ्य या अर्थांची पदे आहेत. जर्मानिक राजकुलांत घराण्याचे एखादे पद पिढ्यान्‌पिढ्या नावांत फिरविण्याचा प्रघात होता. इटलीवर ४९३ ते ५२६ पर्यंत राज्य करणारा ऑस्ट्रोगॉथ राजा थिओडोरिक हा ‘अमल’ कुळातील. त्याच्या बहिणीचे नाव अमलफ्रीडा, भाचीचे अमलबेर्गा व कन्येचे अमलसुंथा. शेवटच्या नावाचा अर्थ ‘अमल कुळातील सामर्थ्यशालिनी’ असा होतो, आणि तिच्या कन्येच्या माटसुंथा या नावात आईच्या नावाचे उत्तरपद उतरले आहे. लॅटिनभाषी इटलीत राहून, रोमन शिक्षण घेऊन, ५२६ पासून पुत्राच्या नावे कारभार चालवूनही अमलसुंथेचे नाव गॉथिकच राहिले. ५३५ मध्ये तिचा वध झाला, तोपर्यंत कुळाची खूण तिच्या नावातून गेली नाही.

नासिकच्या क्षहरातांत घडले ते याच्या उलट. क्षहरात, नहपान, दिनीक ही नावे भारतीय नव्हेत. ‘नहपान’ हे इराणी नाव असून ‘लोकांचा रक्षक’ असा त्याचा अर्थ सामान्यतः लावतात. त्याच्या चांदीच्या नाण्यांवर ग्रीक, ब्राह्मी व खरोष्ठी अशा तीन लिप्यांत लेख आहेत; त्यांवरून हे घराणे किती वाटांनी येथवर आले याची कल्पना येते. पुढच्याच पिढीत जावयाचे नाव उषवदात व मुलीचे दक्षमित्रा आहे. दोन्ही नावांचा अर्थ कोणाही भारतीयास लागावा असा आहे. उषवदात हा शक होता व तसा त्याचा उल्लेखही नासिकच्या लेखात येतो. त्याची दाने ब्राह्मणांना, तीर्थांना व बौद्ध संघाला सारखीच गेली. पित्याने सत्ता मिळविली आणि कन्येच्या पिढीने भाषा, धर्माचार व नाव स्वीकारले, असा क्रम येथे दिसतो. अमल कुळाच्या मुलींनी नावातून कुळ मिरविले; दक्षमित्रेच्या नावात क्षहरात कुळाचा मागमूस नाही. ते कुळ तिच्या लेखात पित्याच्या बिरुदातून कळते.

तरीही हे नाव पूर्णतः भारतीय आणि म्हणून इराणी वारशाशी असंबद्ध, असे म्हणणे घाईचे होईल. ‘मिथ्र’ ही इराणी लोकांची थोर देवता. मिथ्रदात (मिथ्रदत्त) हे नाव पार्थियन व पाँटसच्या राजांत वारंवार येते. जे नाव भारतीयांच्या कानाला स्वाभाविक व इराणी परंपरेतील कुटुंबालाही जवळचे वाटावे, असे पद निवडायचे झाल्यास ‘मित्र’ हून योग्य पद सापडणे कठीण. उषवदात नावातील ‘दात’ बाबतही असेच म्हणता येईल. प्राकृतात ते ‘दत्त’ चे रूप मानतात. इराणी भाषांत ‘दिलेला’ या अर्थी ‘दात’ हाच शब्द आहे. अर्थात हा तर्क मर्यादेनेच स्वीकारला पाहिजे, कारण पुष्यमित्र, अग्निमित्र अशी मित्रान्त नावे शुंगकाळापासून या देशात रूढ होती.

कार्ले येथील चैत्यगृहातील एक स्तंभ धेनुकाकट येथील मित्रदेवणक याने दान दिला असून तो स्वतःला उसभदताचा पुत्र म्हणवितो. काही अभ्यासक हा उसभदत म्हणजे नासिकचा उषवदात मानतात. उषवदाताने कार्ल्याच्या भिक्षुसंघास करजिक गाव दिल्याचा स्वतंत्र लेख तेथेच असल्याने या मताला बळकटी येते. ते ग्राह्य धरल्यास मुलाच्या नावाचे पूर्वपद आईच्या नावाचे उत्तरपद ठरते. सुंथा पदाप्रमाणे येथेही नावाचा एक घटक मातेकडून अपत्याकडे गेला. पश्चिमी क्षत्रपांच्या दुसऱ्या, म्हणजे चष्टनाच्या घराण्यातही हीच प्रक्रिया दिसते. घ्समोतिक व चष्टन या नावांनंतर जयदामन्, रुद्रदामन् ही नावे येतात, आणि रुद्रसिंहाची कन्या प्रभुदामा हिच्या वैशाली येथे सापडलेल्या मुद्रेवर त्या कुळाचे ‘दामन्’ हे पद स्त्रीरूपात उमटले आहे.

त्रिरश्मीवरील इतर स्त्रीनामे : दक्षमित्रेचे नाव या डोंगरावर एकटे नाही. अठराव्या क्रमांकाचे चैत्यगृह महाहकुसिरीची नात भटपालिका हिने पूर्ण करविले. ती एका राजामात्याची कन्या व दुसऱ्याची पत्नी. वीर नावाच्या व्यापारी गृहस्थाच्या लेण्यात एक खोली पत्नी नंदश्रीची, तर एक कन्या पुरुषदत्तेची आहे; दहाव्या लेण्यातील व्यवस्थेचे हे गृहस्थी प्रतिरूपच होय. यज्ञश्री सातकर्णीच्या सातव्या वर्षी, बोपकी नावाच्या यतीने आरंभिलेले व अपुरे राहिलेले लेणे महासेनापती भवगोपाची पत्नी वासू हिने पुरे करविले. श्री, दत्ता, मित्रा, पालिका ही उत्तरपदे एकत्र पाहिली म्हणजे त्या काळच्या स्त्रीनामांची टांकसाळ कशी चालत असे हे ध्यानात येते. बहुतेक लेखांत स्त्रीचा परिचय कन्या, पत्नी, माता या नात्यांनी होतो. पण नाते सांगून लेख थांबत नाही, तिचे स्वतःचे नावही देतो. नंतरच्या अनेक शतकांतील राजवंशावळींतून राण्यांची नावे गळाली, ही गोष्ट लक्षात घेता त्रिरश्मीच्या लेखांचे हे वैशिष्ट्य लहान नाही.

यांपैकी एक लेख दक्षमित्रेच्या नावाशी विशेष तुलनीय आहे. तिसऱ्या शतकात आभीर राजा ईश्वरसेन याच्या नवव्या वर्षी विष्णुदत्ता नावाच्या उपासिकेने विहारातील आजारी भिक्षूंच्या औषधोपचारासाठी कुंभार, तेली इ. श्रेणींकडे कायम ठेव ठेवली. तिचा लेख दहाव्या लेण्याच्याच अंगणात आहे. ती शक अग्निवर्म्याची कन्या, गणपक रेभिलाची पत्नी व गणपक विश्ववर्म्याची माता. वडील, मुलगा व स्वतः, सर्वांची नावे संस्कृत वळणाची. तरी ती स्वतःस ‘शकनिका’ म्हणविते. नावे बदलून दीर्घकाळ लोटला, तरी वंशाची आठवण मिटली नव्हती.

क्षहरातांचा अस्त व नावाचा अवशेष : नहपानाच्या काळाविषयी मतभेद आहेत. त्याच्या लेखांतील ४१ ते ४६ ही वर्षे शक संवताची मानल्यास ती इ. स. ११९–१२४ येतात; अलीकडील बरेच संशोधक त्याला पहिल्या शतकाच्या उत्तरार्धात ठेवतात. गौतमीपुत्र सातकर्णीने त्याची सत्ता नष्ट केली, हे मात्र निर्विवाद आहे. सिन्नर तालुक्यातील जोगलटेंभी येथे १९०६ मध्ये सु. १३,२५० चांदीच्या नाण्यांचा साठा मिळाला. नाणी सर्व नहपानाची. त्यांतील ९,००० हून अधिक नाण्यांवर गौतमीपुत्राने आपला छाप मारलेला होता. राज्याच्या अठराव्या वर्षी त्याने काढलेल्या आज्ञेनुसार, पूर्वी उषवदाताकडे असलेले दोनशे निवर्तनांचे शेत त्रिरश्मीवरील यतींना देण्यात आले. पुढे वासिष्ठीपुत्र पुळुमावीच्या एकोणिसाव्या वर्षी गौतमीपुत्राची माता गौतमी बलश्री हिने याच डोंगरात तिसऱ्या क्रमांकाचे लेणे संघाला दिले. महाराजाची माता व महाराजाची पितामही अशी स्वतःची ओळख देणाऱ्या या राणीने आपल्या पुत्रास क्षहरात वंश निःशेष करणारा म्हटले आहे. ‘गौतमी’ हे तिचे गोत्रनाम. ‘बलश्री’ हे तिचे वैयक्तिक नाव याच लेखामुळे कळते. तिचे लेणे घडविताना दहाव्या लेण्याचा नमुना डोळ्यांपुढे होता, हे दोहोंच्या रचनेवरून स्पष्ट दिसते. नाण्यांवरील नहपानाचा मुखवटा छापाखाली गेला व जावयाची जमीन दुसऱ्याच्या हाती गेली. मुलीच्या नावाला मात्र कोणी हात लावला नाही; संघाला दिलेले दान राज्य पालटल्याने रद्द होत नसे.

कालांतराने ब्राह्मी लिपीचे ज्ञान लोपले, लेणी पांडवांची म्हणून ओळखली जाऊ लागली आणि दात्यांची नावे लोकस्मृतीतून गेली. जेम्स प्रिन्सेपने १८३७ मध्ये अशोककालीन ब्राह्मीचा उलगडा केल्यानंतर नासिकचे लेख हळूहळू वाचले गेले. भगवानलाल इंद्रजी यांनी मुंबई इलाख्याच्या गॅझेटियरच्या नासिक खंडासाठी (१८८३) त्यांचे परीक्षण केले. फ्रेंच विद्वान एमिल सेनार यांचे संपादन एपिग्राफिया इंडिकाच्या आठव्या खंडात (१९०५-०६) प्रसिद्ध झाले. दक्षमित्रेचे नाव तेव्हापासून इतिहासग्रंथांत येऊ लागले, परंतु बहुधा नहपान-उषवदात यांच्या वंशवृक्षातील दुवा म्हणूनच. व्यवहारात ‘दक्षा’ हे नाव गुजरातीभाषी स्त्रियांत परिचित आहे, आणि ‘गौतमी’ महाराष्ट्रात गोदावरीचे नाव म्हणून व मुलींचे नाव म्हणूनही रूढ आहे. ‘दक्षमित्रा’ हे संपूर्ण नाव मराठी स्त्रीनामांत रूढ झाले नाही. त्याचे मूळ स्थान दहाव्या लेण्याच्या ओसरीतील दोन दारांवरच राहिले आहे.